नत्थूजींची फौजवाली

आमच्या देवळीत आणि आजूबाजूच्या पाचपन्नास गावांत पोरगी सासरी निघाली की बँडवाले एक धून वाजवतात. तिचं नाव फौजवाली. बाहेरगावचा पाहुणा असला तर तो दचकतो, कारण ती एका जुन्या लढाईच्या सिनेमाची धून आहे हे त्याला ठाऊक असतं. तो शेजारच्याला विचारतो, हे काय वाजवताहेत तुमचे लोक? शेजारचा उलट त्यालाच विचारतो, मग तुमच्याकडं बिदाईला दुसरं काय वाजवतात?

हे सगळं सुरू केलं नत्थूजींनी. वय आता पासष्टच्या आसपास, अंगानं सुपारीएवढे, आणि आवाज इतका बारीक की समोरच्यानं दोनदा विचारावं. घरची पाच एकर शेती भाऊच बघायचा. यांचा जीव क्लॅरनेटात. लग्नसराई लागली की हा माणूस घरी फक्त कपडे बदलायला यायचा. त्यांची बायको प्रमिलाबाई म्हणायची की मांडवातल्या लोकांना माझा नवरा माझ्यापेक्षा जास्त ठाऊक आहे, आणि ती हे हसून म्हणायची नाही.

मी धीरज. देवळीच्या बस स्टँडसमोर माझं मोबाईलचं दुकान आहे. आधी तिथंच वडिलांचं एसटीडी बूथ होतं. गिऱ्हाइकांच्या गोष्टी ऐकायच्या आणि ऐकल्याच नाहीत असं दाखवायचं, हे आमच्या घरात लहानपणापासून शिकवतात. नत्थूजींच्या बाबतीत मला ते जमलं नाही. मी नको तिथं तोंड घातलं, एकदा त्यांचं नुकसान केलं आणि एकदा भलं. दोन्ही गोष्टी त्या धुनीवरूनच झाल्या.

ती धून त्यांना कशी सापडली ते त्यांच्याच तोंडून मी इतक्या वेळा ऐकलंय की आता मीच तिथं होतो असं वाटतं. त्या काळी देवळीत टिनाचं टॉकीज होतं. नत्थूजी सतरा वर्षांचे, बँडमध्ये नुकतेच झांज वाजवायला लागलेले. बाजाराच्या दिवशी दुपारी फौजेचा सिनेमा लागला. फक्त त्या एका दिवसासाठी, आणि तोही उसना. वर्ध्याला तोच सिनेमा चालू होता, आणि तिथं एक-एक रीळ संपलं की एक माणूस त्याची पेटी फटफटीवर बांधून देवळीला आणायचा. इकडं लोक बिड्या ओढत वाट बघायचे.

सिनेमात गाडीभर फौजी लढाईला निघतात. फलाटावर आया, बायका, पोरं. कोणी बोलत नाही, फक्त ही धून वाजते. पुढं छावणीत कोणाला घरची आठवण आली की पुन्हा तीच. असं तीन वेळा झालं आणि नत्थूजींच्या डोक्यात ती कायमची बसली. ते गाणं नव्हतं, नुसती धून होती, त्यामुळं रेडिओवर काही लागायची नाही. जे कानात पडलं ते त्या दुपारचंच.

शेवटची पेटी आलीच नाही. फटफटीवाला रस्त्यात कुठं अडकला देव जाणे. अर्धा-पाऊण तास झाला, लोकांनी गोंधळ सुरू केला, तेव्हा टॉकीजचे शेठ खुर्चीवर उभे राहिले आणि त्यांनी उरलेला सिनेमा तोंडी सांगून टाकला. आपली फौज जिंकते, सगळे फौजी सुखरूप घरी येतात, तीच गाडी, तोच फलाट, पेढे वाटतात. आता घरी जा. लोकांनी टाळ्या वाजवल्या आणि खरंच घरी गेले.

म्हणजे नत्थूजींच्या हिशेबी ही धून अशा माणसांची होती, जी जातात आणि परत येतात. चार वर्षांनी ते क्लॅरनेटवर आले, आणि आंजीच्या एका लग्नात पोरगी गाडीत बसताना त्यांनी बँडमास्तरांना न विचारता ती सुरू केली. मांडवात एकही बाई कोरड्या डोळ्यांची राहिली नाही. मास्तरांनी नंतर कान पिळला, पण दुसऱ्या लग्नाला लोकांनीच मागितली. बायका एकमेकींत बोलायच्या की फौजवालीवर गेलेली पोरगी सणाला माहेरी येतेच. पोरी काय, कशाही आल्याच असत्या. पण एकदा बोललं गेलं ते गेलंच. पोरीची आई मुद्दाम त्यांच्याजवळ येऊन सांगायची, भाऊ, मन लावून वाजवजा.

त्या धुनीला आमच्याकडं शेवट नाही. खरा शेवट त्या न आलेल्या पेटीत राहिला. त्यामुळं नत्थूजी शेवटच्या सुरावरून पुन्हा पहिल्यावर यायचे आणि पोरीची गाडी वळून दिसेनाशी होईपर्यंत ती फिरवत राहायचे. गाडी वळली की थांबायचं, हा त्यांचा नियम. सेलूपासून आंजीपर्यंतच्या सगळ्या बँडवाल्यांनी त्यांचं पाहूनच ती उचलली, नियमासकट.

पुढं दुनियाभर तिच्या नाना तऱ्हा निघाल्या. त्या आमच्यापर्यंत आणण्याचं काम माझ्याकडं होतं. मेमरी कार्डात गाणी भरून द्यायचे ते दिवस. नत्थूजी दुपारी दुकानात येऊन बाकड्यावर बसायचे आणि विचारायचे, नवीन आली काय? कॅसेटवाल्यांनी तिच्याखाली डिस्को घातला होता. शाळांनी पंधरा ऑगस्टच्या कवायतीला लावून घेतली. रिंगटोन निघाली, तेव्हा देवळीतल्या दर तिसऱ्या माणसाच्या खिशातून फौज निघायची. डीजे आला आणि बँडला कोणी विचारेना झालं, त्या डीजेवाल्यांनीही तिला सोडलं नाही, खाली ढोल ठोकले. त्यावर नत्थूजींनी मला अगदी मनापासून विचारलं होतं की हिच्यावर पोरगी रडत जाईल की नाचत? एकदा शंभर व्हायोलिनवाल्यांची सापडली. मला ती फार आवडली. नत्थूजींनी डोळे मिटून पूर्ण ऐकली आणि म्हणाले, शंभर लोक आहेत, पण त्यातल्या एकालाही कुठं जायचं नाही.

या सगळ्या तऱ्हांना एक शेवट असायचा. सूर खाली-खाली येऊन बसायचा. नत्थूजी त्याला शेपूट म्हणायचे. त्यांची पक्की समजूत होती की हे शेपूट या नव्या लोकांनी मागाहून लावलंय. चाळीस वर्षं हा माणूस समजत होता की आपण बरोबर आहोत आणि सगळा देश चुकतोय.

आता मंजुषाचं सांगितलं पाहिजे. मंजुषा त्यांची एकुलती पोरगी. कॉलेजात नागसेन नावाच्या मुलाशी तिचं जमलं. मुलगा हुशार, शांत, पुढं बल्लारपूरला नोकरीला लागला. खोट काढायला जागा नव्हती, म्हणून जात काढली. नत्थूजी एरवी मुंगीलाही वाट देतील, पण या बाबतीत अडून बसले. भाऊबंद काय म्हणतील, एवढंच त्यांचं चालू होतं. मला तेव्हाही राग आला होता आणि आजही येतो, मग त्यांच्यावर माझा कितीही जीव असो. मंजुषानं घरात भांडण केलं नाही. दोन हजार पाचच्या मे महिन्यात, भर लग्नसराईत, बाप मांडवात असताना ती निघून गेली. बँडवाल्याच्या घरातून पळून जायला मे महिन्याइतका सोयीचा महिना नाही.

नत्थूजींनी तिचं नाव घेणं सोडलं. घेत नव्हते, पण एक झालं. त्याआधी ते फौजवाली वाजवताना नवरीकडं बघायचे, त्यानंतर जमिनीकडं बघून वाजवायला लागले. बाजूचा ट्रम्पेटवाला त्यांना गाडी वळल्याची खूण करायचा. एकदा दुकानात ते आपणहून बोलले. म्हणाले, साऱ्या जिल्ह्याच्या पोरी वाजवून पाठवल्या, आपलीच तशीच गेली, म्हणून ती येत नाही. मी म्हटलं, काका, बल्लारपूर काय परदेश आहे? वर्ध्याहून थेट रेल्वे आहे. तुम्ही बोलवा, ती येते. ते उठून गेले आणि आठ दिवस दुकानाकडं फिरकले नाहीत.

मला हे सांगणं सोपं होतं, कारण एक गोष्ट मला ठाऊक होती. प्रमिलाबाई आमच्याच बूथवरून दर सोमवारी बल्लारपूरला फोन लावायची. बूथ गेला, मोबाईल आले, तरी ती माझ्या दुकानातच येऊन बोलायची, घरी नाही. बाप समोरच्या बाकड्यावर बसून धुनीच्या नव्या तऱ्हा ऐकायचा आणि आई आतल्या खोलीत नातीच्या दातांची चौकशी करायची, असंही दोन-तीनदा झालंय. मी मधे उभा राहून कव्हर विकायचो.

करोनाच्या दुसऱ्या वर्षी लग्नं मोजक्या माणसांत होत होती, बँडला काम नव्हतं. नत्थूजी रोज येऊन बसायचे. एक दिवस मला तो सिनेमा अख्खा सापडला. मला वाटलं, म्हातारा खूश होईल. दोन दिवस दुपारी बसून त्यांनी मोबाईलवर तो पाहिला. फलाट आला तेव्हा मला हाक मारून दाखवला. शेवट आला तेव्हा हाक मारली नाही.

सिनेमात कोणीच परत येत नाही. गाडी येते, फलाटही तोच, पण गाडीत मेलेल्या फौजींच्या पेट्या आहेत. त्या पेट्या उतरतात आणि तीच धून वाजते, आणि तिथं ती खाली-खाली येऊन संपते. ते शेपूट कोणी मागाहून लावलं नव्हतं.

नत्थूजींनी मोबाईल काउंटरवर ठेवला. मग आपण वाजवून पाठवलेल्या पोरींची एक-एक करून नावं घ्यायला लागले. सेलूची एक, लग्नाच्या दुसऱ्या वर्षी गेलेली. आंजीची एक, बाळंतपणात. एक जळालेली. मी म्हटलं, काका, तुम्ही हजार पोरी पाठवल्या, त्यातल्या चार-पाच जणींचं जे झालं ते धुनीनं केलं नाही, माणसांनी केलं. त्यांना ते पटलं नाही. म्हणाले, शेठनं असं सांगायला नको होतं. त्या दिवसापासून त्यांनी क्लॅरनेट पेटीत घातलं. निर्बंध उठले, बँडवाले बोलवायला आले, तरी ते गेले नाहीत. मी दाखवला नसता तर त्यांना कधी कळलंही नसतं. कितीतरी रात्री मला याचं वाईट वाटत राहिलं.

दोन वर्षं अशीच गेली. मग एका सोमवारी प्रमिलाबाईनं आपला मोबाईल माझ्यापुढं धरला. नात रुचिका, वय सतरा, हार्मोनियमवर काहीतरी वाजवत होती. फौजवाली. त्यात शेपूट नव्हतं. शेवटच्या सुरावरून पोरगी पुन्हा पहिल्यावर येत होती, तीनदा आली, मग हसून थांबली. तिनं ती कुठल्या सिनेमातून घेतली नव्हती. आई स्वयंपाक करताना गुणगुणते, त्यावरून उचलली होती. प्रमिलाबाई म्हणाली, त्यांना दाखव, पण मी दिली म्हणून सांगू नको.

नत्थूजी आले तेव्हा मी म्हटलं, एक नवीन सापडलीय. त्यांनी मान हलवली, आता नको म्हणाले. मी ऐकलं नाही, लावून दिली. पहिल्या फेरीला ते रस्त्याकडं बघत होते. पोरगी शेवटच्या सुरावरून वर गेली तेव्हा त्यांनी मान वळवली. दुसऱ्या फेरीला मोबाईल हातात घेतला. तो डोळ्यांजवळ नेऊन पोरीचा चेहरा पाहिला. कपाळ प्रमिलाबाईचं होतं, ते कोणालाही दिसलं असतं.

त्यांनी मला काही विचारलं नाही. घरी गेले. प्रमिलाबाईनं पुढचं सांगितलं. जेवता-जेवता ते म्हणाले की त्या लोकांना उन्हाळ्यात बोलवायचं असेल तर माझी ना नाही. इतकी वर्षं दर सोमवारी कुठं जातेस, हे त्यांनी तिला तेव्हाही विचारलं नाही. मला वाटतं, त्यांना पहिल्यापासून ठाऊक असावं.

मे महिन्यात तिघं आली. आठ दिवस राहिली. फार काही नाट्य झालं नाही. नागसेननं पहिल्या दिवशी वाकून नमस्कार केला, नत्थूजींनी त्याला शेत दाखवलं, कपाशीवर बोलणं झालं. नात आजोबांना चिकटली. मंजुषा आणि बाप एकमेकांशी दुसऱ्यांमार्फत बोलत होते. आजोबांना विचार चहा घेतील का, आईला सांग घेतो म्हणून. रुचिकाचा या कामात पार दम निघाला.

निघायच्या दिवशी दुपारी सगळे बस स्टँडवर आले. वर्ध्याहून त्यांना बल्लारपूरची रेल्वे धरायची होती. मीही दुकान सोडून गेलो. रुचिकाच्या हातात क्लॅरनेटची पेटी होती. नत्थूजींनी ती तिला देऊन टाकली होती, मी आता वाजवत नाही, तू शीक म्हणून. बसला वेळ होता. मंजुषा बापाच्या शेजारी बाकड्यावर बसली आणि आठ दिवसांत पहिल्यांदा सरळ त्यांच्याशी बोलली.

"बाबा, फौजवाली वाजवा ना एकदा. माही बिदाई राह्यली आहे."

नत्थूजींनी मान खाली घातली. "ते मी नाई वाजवत आता. ते मेलेल्या लोकाइचं हाय, बेटा. मले मालूम नव्हतं."

मग त्यांनी तिला पेट्यांचं सांगितलं. मी दुसरीकडं बघायला लागलो. तिनं सगळं ऐकून घेतलं आणि म्हणाली, "सिनेमातले नसतीन आले. मी तं आलो ना. मी बी तुमच्या फौजवालीवरच गेलतो."

त्यांना कळलं नाही. मलाही नाही. मग तिनं हळूहळू सांगितलं. ती पळून गेली त्या दिवशी स्टँडच्या मागच्या मैदानात लग्न होतं आणि बाप तिथं वाजवत होते, हे तिला माहीत होतं. म्हणून तिनं तीच दुपार निवडली. नागसेन बसमध्ये जागा धरून बसला होता, ही दाराशी उभी होती. तिथून क्लॅरनेट स्वच्छ ऐकू येत होतं. दुसऱ्या कोणाची तरी बिदाई सुरू झाली की तीच आपली समजायची आणि गाडी वळून धून थांबली की बसमध्ये चढायचं, असं तिनं मनाशी ठरवलं होतं. बापाला न सांगता जायचं होतं, पण बापानं वाजवल्याशिवाय जायचं नव्हतं.

"अन् ते मधीच थांबली," ती म्हणाली. "सूर पुरा बी नाई झाला. मले वाटलं, तुम्हाले कोनं सांगतलं, तुम्ही येऊन राह्यले. मी नागसेनले बसमधून खाली उतरवलं. एक बस सोडली, बाबा. दुसरीच्या वक्तापर्यंत त्या गेटाकडंच पाहत होतो."

नत्थूजींनी गेटाकडं पाहिलं. मग म्हणाले, "त्या दिवशी सेलूच्या लग्नाची बी सुपारी होती. टाइम होऊन राह्यला होता. गाडी वळाच्या आधीच बंद केलं मी. तेवढ्या एकाच वेळेस."

त्यांनी तिला विचारलं, "मी आलो असतो तं?"

मंजुषानं विचार केला. खोटं बोलायचं तिच्या स्वभावातच नाही. "गेलो तं असतो," ती म्हणाली. "पन तुम्हाले पाहून गेलो असतो."

वर्ध्याची बस लागली. नागसेननं पिशव्या चढवल्या. मंजुषानं आईला मिठी मारली, बापाच्या पाया पडली आणि चढली. नत्थूजींनी नातीच्या हातातली पेटी घेतली, बाकड्यावर ठेवली आणि उघडली. क्लॅरनेटचे तुकडे जोडले, फुंकायच्या टोकाची पत्ती जिभेवर ओली करून बसवली. रुचिकाला त्यांनी रिकाम्या हातांनीच बसमध्ये पाठवलं.

पहिला सूर फाटला. तीन-चार वर्षांची सवय गेलेली, वय झालेलं. दुसऱ्यापासून तो लागला आणि स्टँडवरची माणसं वळून बघायला लागली, कारण नवरी कुठंच दिसत नव्हती. नत्थूजी जमिनीकडं बघत नव्हते. तिसऱ्या खिडकीकडं बघत होते, जिथं चाळीस वर्षांची त्यांची पोरगी पदर तोंडावर घेऊन बसली होती. बस मागं सरली, फिरली, गेटातून बाहेर पडली आणि वर्धा रोडला वळून दिसेनाशी झाली.

नियमाप्रमाणे आता थांबायला हवं होतं. प्रमिलाबाई त्यांच्याजवळ जाऊन बाकड्यावर बसली. थोड्या वेळानं दुसरी बस लागली, माणसं चढली, तीही गेली. नत्थूजी वाजवतच होते.